कँटरबरीच्या अॅन्सेल्मच्या विचारातील श्रद्धा आणि बुद्धी : एक चिकित्सक विवेचन

प्रस्तावना

पाश्चात्त्य धर्मतत्त्वज्ञानाच्या अध्यापनात अॅन्सेल्मचे (१०३३–११०९) नाव बहुधा एकाच युक्तिवादापुरते येते. ईश्वराच्या अस्तित्वाचा सत्ताशास्त्रीय युक्तिवाद सांगावयाचा, कांटने केलेले त्याचे खंडन सांगावयाचे आणि पुढील प्रकरणाकडे वळावयाचे, असा परिपाठ आहे. त्यामुळे विद्यार्थ्याच्या हाती युक्तिवाद येतो, परंतु तो मांडणारा विचारवंत निसटतो. ज्या 'प्रोस्लॉगियन' या ग्रंथात हा युक्तिवाद आहे त्याची प्रकरणे २६ असून युक्तिवाद केवळ २ ते ४ या प्रकरणांत आला आहे. पहिले प्रकरण ही एक दीर्घ प्रार्थना आहे. 'समजेचा शोध घेणारी श्रद्धा' अशा अर्थाचे नाव लेखकाने या ग्रंथाला प्रथम दिले होते. मराठी वैचारिक लेखनात श्रद्धा आणि बुद्धिप्रामाण्य यांची मांडणी बहुधा परस्परविरोधी पक्ष म्हणून होत असल्याने हे नाव वाचकाला कोड्यात टाकते. श्रद्धा असेल तर शोध कशाचा, आणि शोध प्रामाणिक असेल तर श्रद्धा आधीच कशी? या प्रश्नाच्या अनुरोधाने अॅन्सेल्मच्या भूमिकेचे बळ आणि तिची मर्यादा या दोहोंची चिकित्सा करणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

वैचारिक पार्श्वभूमी

अॅन्सेल्मचा जन्म आल्प्स पर्वताच्या परिसरातील आओस्ता येथे झाला. लॅनफ्रँक या विख्यात अध्यापकाच्या ओढीने तो नॉर्मंडीतील बेक येथील बेनेडिक्टाइन मठात आला, १०६० मध्ये त्याने संन्यासदीक्षा घेतली आणि १०७८ मध्ये तो तेथील मठाधिपती झाला. १०९३ पासून मृत्यूपर्यंत तो कँटरबरीचा आर्चबिशप होता. इंग्लंडच्या राजांशी झालेल्या संघर्षामुळे त्याला दोनदा देशाबाहेर राहावे लागले. प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने मात्र बेकचा काळ अधिक महत्त्वाचा आहे. विश्वास ठेवल्यावाचून आकलन होत नाही, हा विचार त्याला ऑगस्टीनकडून वारशाने मिळाला होता. या वारशाला त्याने शिस्तबद्ध पद्धतीचे रूप दिले, हे त्याचे स्वतःचे कार्य होय.

'केवळ बुद्धीच्या आधारे'

१०७६ च्या सुमारास लिहिलेल्या 'मोनोलॉगियन' या ग्रंथाच्या प्रास्ताविकात ही पद्धत स्पष्ट होते. ईश्वरस्वरूपाचे विवेचन करताना पवित्र शास्त्राचा आधार कोठेही प्रमाण म्हणून देऊ नये, प्रत्येक विधान तर्काच्या बळावर सिद्ध व्हावे, अशी सहसंन्याशांची मागणी होती. अॅन्सेल्मने ती मान्य केली. हा ग्रंथ त्याने लॅनफ्रँककडे अभिप्रायार्थ पाठविला, तेव्हा त्यात प्रमाणभूत आधार नाहीत, याबद्दल गुरूने नाराजी दर्शविली. आपले म्हणणे ऑगस्टीनच्या विचाराशी विसंगत नाही, असे नम्र उत्तर शिष्याने दिले. तथापि ग्रंथात आधारवचने घातली नाहीत. शब्दप्रामाण्याचे वर्चस्व असलेल्या काळात एका संन्याशाने घेतलेला हा निर्णय सामान्य नव्हे.

येथे श्रद्धेचे कार्य नेमके कोणते, हे पाहावयास हवे. श्रद्धा बुद्धीला विषय पुरविते, शोधाची तळमळ पुरविते. युक्तिवादातील पायऱ्या मात्र पुरवीत नाही. 'प्रोस्लॉगियन'मध्ये हेच घडते. ज्याहून महत्तर अशा कशाचीही कल्पना करता येत नाही, ते म्हणजे ईश्वर, ही श्रद्धेने दिलेली संकल्पना आहे. ती केवळ मनात असेल आणि वास्तवात नसेल, तर वास्तवातही असणारे असे तिच्याहून महत्तर काही कल्पिता येईल आणि संकल्पना स्वतःशीच विसंगत ठरेल. म्हणून तिचा विषय वास्तवातही असला पाहिजे. संकल्पना प्रार्थनेतून आली असली तरी अनुमानाची वैधता प्रार्थनेवर अवलंबून नाही. ईश्वर नाही असे म्हणणाऱ्या 'मूर्खाला'ही ते अनुमान तपासता यावे, अशी लेखकाची अपेक्षा आहे.

हा शोध औपचारिक नव्हता याची साक्ष अॅन्सेल्मचा चरित्रकार ईडमर देतो. एकाच युक्तिवादाच्या ध्यासाने अॅन्सेल्मची भूक व झोप हरपली, प्रार्थनेत लक्ष लागेना, आणि हा सैतानाचा मोह असावा अशी शंकाही त्याला आली, असे तो नोंदवितो. पुढे रात्रीच्या उपासनेच्या वेळी त्याला उकल सुचली. उत्तर आधीच हाती असलेल्या माणसाची ही अवस्था नव्हे.

गाउनिलोचा आक्षेप

या पद्धतीची खरी कसोटी मार्मूतिए येथील गाउनिलो या संन्याशाच्या आक्षेपात लागली. त्याने 'मूर्खाच्या वतीने' उत्तर लिहिले. शब्दांचा अर्थ कळला म्हणून ती वस्तू बुद्धीत आली असे होत नाही, हा त्याचा एक मुद्दा. आणि याच तर्काने सर्वोत्कृष्ट अशा एखाद्या हरवलेल्या बेटाचेही अस्तित्व सिद्ध करता येईल, हा दुसरा. ज्याला आरंभ, अंत किंवा अवयव आहेत ते 'नाही' असे कल्पिता येते; म्हणून बेटाला हा तर्क लागू पडत नाही, असे अॅन्सेल्मने उत्तर दिले. यापुढे 'प्रोस्लॉगियन'च्या प्रतीसोबत गाउनिलोचा आक्षेप आणि आपले उत्तर ही दोन्ही उतरवून घ्यावीत, अशी सूचनाही त्याने केली. आपल्या खंडनाला आपल्याच ग्रंथात जागा देणारा लेखक बुद्धीची भीती बाळगतो, असे म्हणता येणार नाही.

तथापि याच उत्तरात एक अडचणीची जागा आहे. आक्षेप घेणारा मूर्ख नसून ख्रिस्ती आहे, तेव्हा ख्रिस्ती माणसाला उत्तर देणे पुरेसे, असे अॅन्सेल्म आरंभीच म्हणतो आणि ईश्वराची संकल्पना बुद्धीत आहे, हे दाखविण्यासाठी गाउनिलोच्या श्रद्धेला व सदसद्विवेकाला साक्षीस बोलावितो. जो युक्तिवाद अश्रद्धासाठीही होता, तो येथे क्षणभर श्रद्धावानाच्या कबुलीवर उभा राहतो. अॅन्सेल्मला याची जाणीव असावी, कारण उत्तराच्या उत्तरार्धात तो अश्रद्धासाठी वेगळा मार्ग दाखवितो. लहान चांगुलपणाकडून मोठ्या चांगुलपणाकडे चढत जाऊन कोणालाही त्या परमोच्च संकल्पनेपर्यंत पोहोचता येते, असे तो म्हणतो. उणीव राहिली, पण ती भरून काढण्याची जबाबदारी त्याने बुद्धीवरच सोपविली.

मर्यादेचा प्रश्न

बुद्धी अपयशी ठरली तर काय? ख्रिस्ताच्या देहधारणेविषयी रोसेलिन या तर्कशास्त्रज्ञाविरुद्ध लिहिलेल्या पत्रग्रंथात अॅन्सेल्मची भूमिका कठोर आहे. समजले तर ईश्वराचे आभार मानावेत, न समजल्यास मस्तक नमवावे. चर्चची श्रद्धा असत्य आहे असे प्रतिपादन ख्रिस्ती माणसाने करू नये, असा त्याचा आशय आहे. विशेष हे की, शास्त्रवचन न मानणाऱ्याला किंवा त्याचा विपर्यास करणाऱ्याला बुद्धीनेच उत्तर द्यावे, असेही तो तेथेच सांगतो. १०९८ मध्ये पूर्ण झालेल्या 'कुर देउस होमो' या संवादात तर ख्रिस्ताविषयी काहीच ठाऊक नाही असे गृहीत धरून विवेचन केले आहे.

यावरून एक विषमता स्पष्ट होते. युक्तिवादाच्या मार्गावर बुद्धी स्वतंत्र आहे, निष्कर्षाच्या ठिकाणी ती स्वतंत्र नाही. युक्तिवाद यशस्वी झाला तर श्रद्धा आकलनाला पोहोचते. फसला तर केवळ युक्तिवाद फसतो, श्रद्धेला धक्का लागत नाही. आधुनिक बुद्धिवादाला हा करार एकतर्फी वाटेल, आणि तो तसा आहेच. मात्र बुद्धीची मर्यादा अॅन्सेल्म केवळ अधिकाराने लादीत नाही. ईश्वर हा कल्पिता येईल त्याहूनही महत्तर आहे, हा 'प्रोस्लॉगियन'च्या पंधराव्या प्रकरणातील निष्कर्ष मूळ व्याख्येतूनच काढलेला आहे. त्याआधीच्या प्रकरणात, जे सापडले त्याचा अनुभव का येत नाही, असा प्रश्न तो स्वतःच्या आत्म्याला विचारतो. सिद्धता मिळूनही शोध संपलेला नाही.

दोन वाचने

अॅन्सेल्मच्या आधुनिक वाचनांत दोन टोके आढळतात. कांटने १७८१ मध्ये अस्तित्व हे वस्तूचे वास्तविक विधेय नव्हे, असा आक्षेप घेतला. १९६० मध्ये नॉर्मन माल्कमने तिसऱ्या प्रकरणातील अनिवार्य अस्तित्वाचा युक्तिवाद वेगळा काढून त्याचे समर्थन केले. दोघांचे निष्कर्ष भिन्न असले तरी दोघांनीही युक्तिवाद प्रार्थनेपासून तोडून तपासला. याउलट कार्ल बार्थने १९३१ मध्ये संपूर्ण विवेचन श्रद्धेच्या अंतर्गत असल्याचे मांडले. पहिल्या वाचनात श्रद्धा अनावश्यक ठरते, दुसऱ्यात गाउनिलोला दिलेले उत्तर अनाकलनीय ठरते. बार्थचे म्हणणे पूर्णतः खरे असते तर अश्रद्धासाठी वेगळा मार्ग दाखविण्याचे अॅन्सेल्मला कारण नव्हते.

समारोप

अॅन्सेल्मची भूमिका श्रद्धा व बुद्धी यांचा सोयीस्कर समन्वय नाही. तीत ताण आहे, आणि तो त्याने लपविला नाही. श्रद्धेवर बुद्धीचा अंतिम अधिकार त्याने मानला नाही, ही त्याची मर्यादा नि:संदिग्धपणे नोंदविली पाहिजे. त्याचबरोबर, श्रद्धावानाने आपल्या श्रद्धेची कारणे इतरांना तपासता येतील अशा भाषेत मांडावीत आणि त्यावरील आक्षेप जपून ठेवावेत, हा त्याने घालून दिलेला दंडकही नोंदविला पाहिजे. वर्गात हा युक्तिवाद शिकविताना पहिले प्रकरण आणि गाउनिलोचा आक्षेप त्यासोबत वाचले गेले, तर विद्यार्थ्याला एका फसलेल्या किंवा यशस्वी अनुमानापलीकडचे काही मिळेल. विश्वास ठेवणारा माणूस प्रामाणिकपणे विचार करतो म्हणजे काय करतो आणि तो कोठे थांबतो, हे त्याला स्वतः तपासून पाहता येईल.