मॅलेटचीं पत्रें

इंग्रज वकिलाचें चरित्र हातीं आलें कीं आपला वाचक त्याला एक तर कपटी ठरवितो, नाहीं तर मुत्सद्दी. सर चार्ल्स वॉर मॅलेट याच्या बाबतींत मीही पहिलाच शेरा मारून मोकळा झालों होतों. रियासतकार सरदेसाई यांनीं संपादिलेला त्याच्या पुण्याच्या वकिलातीचा पत्रसंग्रह (१९३६) यंदाच्या सुटींत बारामतीस पुन्हां वाचला, आणि तो शेरा अपुरा वाटूं लागला.

१७७५ सालीं खंबायतेस असतां ज्यानें राघोबादादांना इंग्रजांच्या आश्रयास पोंचण्यास साह्य केलें, तोच गृहस्थ १७८६ मध्यें नानांच्या दरबारीं रेसिडेंट म्हणून आला! नाना हा मागचा हिशेब विसरले असतील हें संभवत नाहीं. तरीही टिपूविरुद्धचा १७९० चा तह या दोघांनींच जुळवून आणला. डॅनियलनें रंगविलेलें त्या दरबाराचें भव्य चित्र लंडनांत आहे. त्यांतील जरतारीवर डोळा ठरतो. पत्रांत मात्र त्यामागची घासाघीस दिसते.

परंतु वरिष्ठांना लिहिलेलें पत्र म्हणजे रोजनिशी नव्हे, हें आपले लेखक वारंवार विसरतात. ऑक्टोबर १७९५ मध्यें सवाई माधवरावांचा अंत झाला, तेव्हांच्या मॅलेटच्या बातम्या ताज्या खऱ्या. पण त्या वाड्याबाहेरच्या माणसाच्या. केवळ त्यांवर विसंबणें म्हणजे आपल्या घरचें सुतक शेजाऱ्याकडून ऐकण्यासारखें आहे. हा संग्रह वासुदेवशास्त्री खऱ्यांच्या ‘ऐतिहासिक लेखसंग्रहा’शेजारीं ठेवूनच वाचावा, टिपूवरील मोहिमेंत पटवर्धन मंडळी काय पाहत होती तें तेथें मराठींतच सांपडतें.

मॅलेटला केवळ हेर म्हणणेंही बरोबर नाहीं. त्यानें वेरूळच्या लेण्यांवर निबंध लिहिला. त्याच्या ओळखीनें पुण्यास आलेल्या वेल्स चित्रकाराच्या हाताखालीं आपला गंगाराम तांबट चित्रें काढीत होता.

याच वर्षांत, संगमावरील इंग्रजी बंगल्यापासून साठेक मैलांवर, कऱ्हेकांठीं मोरोपंत पुराणकथांच्या आर्या रचीत होते. भक्तिकवीकडून बातमीपत्राची अपेक्षा कोण करील? गाऱ्हाणें असलेंच तर तें दरबाराविरुद्ध आहे. राघोबादादांनीं १७८१ सालीं हणमंतरावांना विलायतेस धाडलें होतें. नानांचा कायमचा वकील लंडनांत कधींच बसला नाहीं. मॅलेट १७९७ मध्यें पुणें सोडून गेला. पुढें चाळीस वर्षांच्या आंतच, १८३६ सालीं, गोल्डस्मिड व विंगेट इंदापुरास सांखळ्या घेऊन आमचीं शेतें मोजूं लागले.