लाल-हिरव्यातलं दुःख

'द टोल ऑफ द सी' (१९२२) पाहताना नजर आधी फुलांवर जाते. बागेतला लाल भरघोस, हिरवा जरासा विटका, आणि त्यांच्यामध्ये नायिका ॲना मे वाँगचा चेहरा. तेव्हा ती जेमतेम सतरा वर्षांची. समुद्रातून वाहत आलेल्या अमेरिकी पुरुषाला चिनी मुलगी वाचवते, त्याच्यावर जीव जडवते आणि तो तिला सोडून मायदेशी जातो. पटकथाकार फ्रान्सेस मेरियननं 'मादाम बटरफ्लाय'ची गोष्ट चीनमध्ये नेली, एवढंच. कथेत नवल नाही. नवल आहे ते रंगात.

टेक्निकलर या रंगीत चित्रपट-तंत्राच्या पहिल्या पद्धतीत रंग पडद्यावर एकमेकांत मिसळत, म्हणून खास प्रोजेक्टर लागे. इथे, दुसऱ्या पद्धतीत, ते फिल्ममध्येच उतरले. कॅमेऱ्यातला प्रिझम प्रकाश दुभागून लाल आणि हिरवी अशा दोन प्रतिमा टिपे. त्यांच्या दोन पातळ फिल्म रंगवून पाठीला पाठ लावून चिकटवत. मग कुठल्याही थिएटरातला साधा प्रोजेक्टर पुरे.

मात्र दोन रंगांत निळा धड उमटत नाही. ज्याच्या नावाचा चित्रपट, तो समुद्रच हिरवट-करडा! मला ही उणीव वाटत नाही. निळाशार समुद्र सुंदर दिसला असता. हा उदास दिसतो, आणि नायिकेचं दैव असंच आहे. शिवाय या पद्धतीची सगळी माया माणसाच्या कातडीवर. त्या पुरुषापासून झालेल्या मुलाला त्याच्या बापाच्या अमेरिकी बायकोच्या हवाली करताना, ही गोरी बाईच तुझी खरी आई, मी नुसती दाई, असं ती सांगते. त्या प्रसंगात वाँग हातवारे करत नाही. डोळे भरून येतात आणि चेहरा जवळजवळ स्थिर राहतो. त्या काळच्या मूकपटांतल्या भडक अभिनयापुढे हा संयम थक्क करतो. कृष्णधवलात तो मुखवटा वाटू शकला असता. इथे गालांची ऊब दिसते, म्हणून तो जिवंत बाईचा चेहरा वाटतो.

मूळ शेवट नष्ट झाला आहे. १९८५मध्ये यूसीएलएच्या फिल्म संग्रहालयानं दुरंगी टेक्निकलरच्याच जुन्या कॅमेऱ्यानं समुद्र चित्रित करून तो भरून काढला. सगळा चित्रपट तासाभराचाही नाही. शक्य असेल तर मोबाइलवर नको, मोठ्या पडद्यावर पाहा.