हसण्याचे दृष्टिकेंद्र : ‘पंचायत’ आणि ‘देऊळ’

ग्रामजीवनावरील विनोदी कलाकृतीचा विचार करताना ‘विनोद कशावर आहे’ हा प्रश्न आपण चटकन विचारतो. ‘हसणारा कुठे उभा आहे’ हा प्रश्न मात्र बहुधा राहून जातो. २०२० पासून गाजत असलेली ‘पंचायत’ ही हिंदी मालिका आणि उमेश कुलकर्णी दिग्दर्शित ‘देऊळ’ (२०११) हा मराठी चित्रपट या दोन संहिता शेजारी ठेवल्या म्हणजे या प्रश्नाचे महत्त्व ध्यानात येते.

‘पंचायत’चे दृष्टिकेंद्र अभिषेक त्रिपाठी या शहरी सचिवाचे आहे. फुलेरा गाव आपण त्याच्या कंटाळलेल्या, पुढे हळवे होत जाणाऱ्या नजरेतून पाहतो. निवडून आलेली प्रधान मंजूदेवी आणि कारभार पाहणारा तिचा नवरा ही विसंगती पहिल्या पर्वात घरगुती गंमत म्हणून येते. पर्वाच्या अखेरीस २६ जानेवारीला मंजूदेवी स्वतः झेंडा फडकावते, राष्ट्रगीत म्हणते. प्रसंग हृद्य आहे, यात शंका नाही. परंतु तिला तिचा अधिकार मिळतो तो सचिवाच्या आग्रहाने आणि जिल्हाधिकाऱ्यांच्या दटावणीने, म्हणजे वरून. गावातल्या कोणा बाईने तो मागितलेला नाही. सत्ता येथे चुकते, पण दुखावत नाही. आणि जात तर जवळजवळ दिसतच नाही. २०२५ च्या चौथ्या पर्वात मंजूदेवी निवडणूक हरते, तेव्हा कुठे राजकारणाला धार येते, हे मान्य करावयास हवे.

‘देऊळ’मध्ये दृष्टिकेंद्र केश्याचे, गाईमागे फिरणाऱ्या गड्याचे आहे. त्याला झालेला दत्ताचा साक्षात्कार सर्वस्वी त्याचा. पण पाहता पाहता तो पत्रकाराचा, भाऊंचा, व्यापाराचा होतो. अण्णांनी मनात धरलेले रुग्णालय मागे पडते. येथेही सरपंच स्त्री आहे, येथेही निर्णय अन्यत्र होतात. मात्र केश्याबरोबर उभे राहिल्यामुळे आपले हसू हळूहळू घशात अडकते. दुरुस्ती करणारा अधिकारी येथे कोणी नाही. मूर्ती चोरून नेण्यावाचून केश्याला गत्यंतर उरत नाही, आणि तेही व्यर्थ ठरते.

हा फरक केवळ लेखकांच्या भूमिकेचा नव्हे, रूपबंधाचाही आहे. मालिकेला पुढच्या भागासाठी गाव शाबूत ठेवावे लागते. चित्रपटाला ते मोडण्याची मुभा असते. (शंकर पाटील, मिरासदार यांच्या कथेतील गावही पुढच्या कथेसाठी शाबूतच राहिले, हे विसरून चालणार नाही.)

उमरीसारख्या ठिकाणी हे शिकवताना आणखी एक अडचण येते. २४ एप्रिल १९९३ ला त्र्याहत्तरावी घटनादुरुस्ती अमलात आली. महाराष्ट्रात २०११ पासून स्त्रियांना निम्म्या जागा राखीव झाल्या. वर्गातल्या काही मुलींच्या आया, चुलत्या सदस्य वा सरपंच आहेत. नवऱ्याच्या कारभाराच्या प्रसंगाला मुले मोकळेपणी हसली. मुली हसल्या नाहीत. एकीने एवढेच विचारले, “सर, ती बाई सही करताना कागद वाचते का, हे कुठं दाखवलंय?”

मी पुन्हा तेवढ्यासाठी पहिले पर्व पाहावयास घेतले आहे.