नायकाची मराठी, गमतीची झाडी

तिरोडा तालुक्यातले चोरखमारा बाहेरच्यांना ठाऊक आहे ते नागझिरा अभयारण्याच्या प्रवेशद्वारामुळे आणि तिथल्या तलावामुळे. पहाटे जिप्सी रांगेत लागतात, वाघ दिसला की हुकला याची चर्चा होते आणि दुपारपर्यंत पाहुणे परतीच्या वाटेला लागतात. याच पट्ट्यात दिवाळीनंतर रात्र-रात्र चालणारा दुसरा व्यवहार मात्र त्यांच्या गावीही नसतो. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली या चार जिल्ह्यांत पसरलेल्या झाडीपट्टीतली धानाची खेडी तेव्हा नाटकाला बसलेली असतात. तिकीट काढून, शाल-चादरी घेऊन, पोराबाळांसकट.

झाडीपट्टीच्या या रंगभूमीबद्दल पुण्या-मुंबईत लिहिले जाते ते बहुधा कौतुकाच्या सुरात. शहरातली नाट्यगृहे ओस पडत असताना खेड्यात हजारोंची गर्दी कशी लोटते, याचे नवल त्यात असते. लोककला जपली गेली, असा निष्कर्ष मग ओघानेच येतो. तो निम्माच खरा आहे. इथे जपला गेला तो नाटकाचा हंगाम आणि त्यामागचा हिशेब. नाटक मात्र पिढीगणिक बदलत गेले, आणि त्या बदलात काही गोष्टी मागे पडल्या त्या पडल्याच.

हंगामाचे गणित धानावर बसलेले आहे. कापणी उरकते, हातात चार पैसे येतात आणि भाऊबीजेपासून गावोगावी मंडई, म्हणजे जत्रा, भरू लागते. पुढे शंकरपट, म्हणजे बैलजोड्यांच्या शर्यती. त्या निमित्ताने लेकी माहेरी येतात, सोयरेधायरे उतरतात, घरोघरी चुली दिवसभर पेटलेल्या असतात आणि कितीतरी सोयरिकी याच दिवसांत जुळतात. एवढ्या पाहुण्यांची रात्र काढायची कशी, याचे उत्तर म्हणजे नाटक. दहाच्या सुमारास सुरू होते, उजाडता संपते. सर्वोच्च न्यायालयाने 7 मे 2014 रोजी बैलांच्या शर्यतींवर बंदी आणली, डिसेंबर 2021 मध्ये महाराष्ट्राला पुन्हा परवानगी मिळाली आणि मे 2023 मध्ये घटनापीठाने तिच्यावर शिक्कामोर्तब केले. मधल्या वर्षांत पट बंद पडले, पण नाटके थांबली नाहीत. निमित्त गेले तरी पाहुणे यायचे ते आलेच. नाटकांचा हंगाम खऱ्या अर्थाने बुडवला तो कोविडने.

या साऱ्याची पेठ म्हणजे वडसा, सरकारी नावाने देसाईगंज. गोंदिया-बल्लारशा लोहमार्गावरचे हे गाव गडचिरोली जिल्ह्याला रेल्वेने जोडणारे ठिकाण, म्हणून कलावंत आणि ठेकेदार दोघांच्याही सोयीचे. इथे नाटक कंपन्यांच्या कचेऱ्या थाटलेल्या असतात. गावचे मंडळ येते, कोणते नाटक, कोण नट, कोणती तारीख हे पाहून सौदा करते. कोलकात्यात चितपूर रस्त्यावर जात्रा या बंगाली लोकनाट्याच्या कंपन्यांच्या कचेऱ्यांत रथयात्रेच्या मुहूर्तावर असेच बुकिंग सुरू होते. जात्रेने सिनेमा-मालिकांतले चेहरे आणून गर्दी खेचली. झाडीपट्टीच्या पोस्टरवरही पुण्या-मुंबईच्या कलावंतांची नावे ठळक अक्षरांत येऊ लागली. हजारभर किलोमीटर अंतरावरच्या दोन पेठा एकमेकींची नक्कल न करता एकाच वळणावर आल्या. दोघींचीही गाठ दूरचित्रवाणीशी होती, एवढेच.

वडशाच्या आधी काय होते? दंडार होती आणि खडी गंमत होती. दंडार दिवाळीच्या दिवसांतली, पुरुषांनीच स्त्रीपार्टी वठवायची. खडी गंमत उभ्याने चालणारी: शाहीर, ढोलकी, टाळ, चोनका, नाच्या आणि सोंगाड्या. संहिता नावाला, बाकी हजरजबाबीपणा. कालचे गावातले भांडण आज सोंगाड्याच्या तोंडी यायचे, आणि बोली अर्थातच झाडी. साकोलीचे डॉ. हरिश्चंद्र बोरकर यांनी या बोलीचा आणि दंडारीचा ध्यास घेऊन अभ्यास केला नसता, तर त्यातले पुष्कळसे शब्दसुद्धा हाती लागले नसते.

मग आले ते संगीत नाटक. 1843 मध्ये सांगलीत विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ उभे केले, तेही कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींचे खेळ पाहून पटवर्धन सरकारांनी सुचवले म्हणून. मराठी नाटकाचा उगमच असा उसनवारीतला. पुढे 1880 मध्ये किर्लोस्करांच्या ‘शाकुंतला’ने पदांची जी चटक लावली ती विदर्भाच्या पूर्व टोकापर्यंत झिरपली. पुण्यात ती पदे आता वर्धापनदिनाला आणि स्मृतिसमारोहाला ऐकू येतात. झाडीत नायक रडायच्या आधी आजही गातो. ऑर्गनच्या शेजारी ऑक्टोपॅड आला, चाली सिनेमाच्या झाल्या, पण भावना शिगेला पोचली की पद हवेच, हा करार प्रेक्षकाने मोडू दिलेला नाही.

प्रयोग जवळून पाहावा. बऱ्याच गावांत बसायच्या जागेची माती खणून उतार काढतात, म्हणजे मागच्यालाही दिसावे. वादक रंगमंचाच्या पुढ्यात. तालमी थोड्या, काही नट तर आदल्या रात्री दुसऱ्याच गावात दुसऱ्याच नाटकात उभे असतात. म्हणून विंगेतला प्रॉम्प्टर हा खरा सूत्रधार. तो वाक्य पुरवतो, नट ते झेलून प्रेक्षकांत फेकतो, आणि टाळी आली की पुढचे वाक्य थांबवून धरायचे भानही त्यालाच ठेवावे लागते. प्रायोगिक नाटकावर वाढलेल्या समीक्षकाला हा अभिनय बटबटीत वाटेल. शेवटच्या रांगेतल्या, थंडीत कुडकुडणाऱ्या माणसाला तो नेमका वाटतो.

आता मुद्द्याची गोष्ट. या नाटकात नायक-नायिका बोलतात ती पुस्तकी मराठी. झाडीबोली येते ती विनोदी पात्राच्या तोंडी. हे कोणाला नवे वाटू नये. संस्कृत नाटकात राजा संस्कृत बोलतो, विदूषक आणि स्त्रिया प्राकृत. ‘मृच्छकटिका’त तर प्राकृताचे कितीतरी प्रकार आहेत. दोन हजार वर्षांत भाषा बदलल्या, पायरी तीच राहिली.

ती पायरी मोडून दाखवणारा माणूस शेजारचाच होता. नाट्यदिग्दर्शक हबीब तन्वीर रायपूरचे. छत्तीसगडचा नाचा हा खडी गमतीचा सख्खा शेजारी, गोंदियाची हद्द ओलांडली की भेटणारा. 1958 मध्ये तन्वीरांनी ‘मृच्छकटिक’ ‘मिट्टी की गाडी’ म्हणून केले ते नाच्याचे कलावंत घेऊन. त्यांना हिंदी बोलायला आणि आखलेल्या जागी उभे राहायला लावले की त्यांचा जीव गुदमरतो, हे तन्वीरांना कळायला बरीच वर्षे गेली. 1973 च्या रायपूरच्या शिबिरानंतर त्यांनी कलावंतांना त्यांच्याच बोलीवर सोडले. 1975 मध्ये ‘चरणदास चोर’ आले आणि 1982 मध्ये एडिंबराहून पुरस्कार घेऊन परतले. त्यात चोर, गुरू, राणी सगळेच छत्तीसगढी बोलतात.

झाडीपट्टीला असा तन्वीर मिळाला नाही. पण तन्वीरांचा प्रयोग शहरातल्या आणि परदेशातल्या रंगमंचांवर, अनुदान-महोत्सवांच्या आधाराने टिकला. वडशाच्या कंपनीला रोजच्या रात्री गल्ला मोजायचा असतो. गल्ला मोजणाऱ्याला नायक ‘मोठा’ दिसायला हवा असतो, आणि मोठेपण म्हणजे प्रमाण मराठी, असे गावाने स्वतःच ठरवून टाकले आहे. त्याचा दोष एकट्या कंपनीवर ढकलणे सोयीचे, पण खोटे. गंमत अशी की पाच हजारांवर प्रयोग केलेल्या परशुराम खुणे यांना 2023 मध्ये पद्मश्री मिळाली, आणि त्यांचे नाव घराघरांत पोचले ते विनोदी भूमिकांमुळे. नायक येतात, जातात; लोक परततात ते झाडी बोलणाऱ्यासाठी.

विषयांच्या बाबतीत मात्र या रंगभूमीला मागास म्हणणे अन्यायाचे होईल. हुंडा, दारू, विधवेचे जिणे, शेतकऱ्याची आत्महत्या हे सगळे इथे येऊन गेले, आणि ज्यांच्यावर बेतले त्यांच्यासमोरच आले. स्त्रीपार्टी जाऊन नटी आल्या, ही तर सरळ पुढची पायरी. खटकते ती मधेच घुसवलेली लावणी. मंडईत आता ‘डान्स हंगामा’ नावाचे स्वस्त कार्यक्रम नाटकाशी स्पर्धा करतात, त्यामुळे कंपन्यांनाही मोह आवरत नाही. शिवाय बहुतेक संहिता छापल्या जात नाहीत. त्या प्रॉम्प्टरच्या वहीत असतात आणि हंगाम संपला की वहीबरोबर कुठेतरी पडून राहतात. विद्यापीठांतून प्रबंध लिहिले गेले, 2022 मध्ये ‘झॉलिवूड’ हा चित्रपटही आला. पण संशोधकाला आणि नव्या दिग्दर्शकाला हवी असते ती वही, आणि खडी गमतीच्या शाहिरांचे, त्यांचा गळा शाबूत आहे तोवर केलेले ध्वनिमुद्रण. ते काम पुढच्या मंडईच्या आत सुरू करता येण्यासारखे आहे. त्याला ना थिएटर लागते, ना नेपथ्य. लागतो तो झाडीबोली कळणारा माणूस आणि चार महिन्यांचा प्रवासखर्च.