लेश्येचा रंग

चातुर्मासात वाटल्या जाणाऱ्या पुस्तिकांत हल्ली लेश्येवर एक प्रकरण हमखास असते. वाचायला सुटसुटीत. प्रत्येक माणसाभोवती तेजोवलय असते, त्याला म्हणायचे 'ऑरा', त्याचा रंग हीच लेश्या, आणि आता तर कॅमेऱ्यात त्याचा फोटोही निघतो! पुढे तक्ता. भडक लाल रागाचा, गुलाबी प्रेमाचा, पिवळा बुद्धीचा, निळा भक्तीचा. निळा भक्तीचा? आपल्या सहा लेश्यांत कृष्ण, नील आणि कापोत या पहिल्या तीन अशुभ. नील ही त्यातली दुसरी. ती भक्तीची कधी झाली?

तो तक्ता आपला नाहीच. चार्ल्स लेडबीटर नावाचे एक इंग्रज पाद्री थिऑसॉफिकल सोसायटीत आले. त्यांनी 1902 मध्ये 'मॅन व्हिजिबल अँड इनव्हिजिबल' हे रंगीत चित्रांचे पुस्तक काढले आणि 1905 मध्ये अ‍ॅनी बेझंटबाईंसह 'थॉट फॉर्म्स'. दिव्यदृष्टीने आपल्याला माणसाभोवतीचे रंग दिसतात, हा त्यांचा दावा. कुठला रंग म्हणजे कुठली भावना, हेही त्यांनीच ठरवले. मागे टीका-भाष्याची परंपरा नाही, शंका-समाधान नाही. यांना दिसले, बाकीच्यांनी मानले. पण कर्म, अर्हत असे आपल्या ओळखीचे शब्द त्यात पेरलेले, म्हणून ते आपल्याला जुने, आपलेच वाटते.

त्या चित्रांची मांडणी बघा. आधी 'रानटी' माणूस, मग सामान्य, मग विकसित आणि शेवटी अर्हत. रानटी माणसाचा कारणदेह म्हणजे जवळजवळ रिकामा बुडबुडा, अर्हताचा रंगांनी ओसंडून वाहणारा. म्हणजे अख्ख्या जमातीच पायरीवर बसवून टाकल्या. ही हौस फक्त साहेबांचीच असे नाही हं. बौद्धांच्या अंगुत्तर निकायात पूरण कस्सपाच्या नावावर सहा रंगांच्या अभिजाती सांगितल्या आहेत. काळ्या गटात खाटीक, पारधी, कोळी. सगळ्यात वर परमशुक्ल गटात मक्खली गोशालादी स्वतःचे गुरू! धंदा बघायचा, पंथ बघायचा, रंग चिकटवायचा.

आता आपल्याकडे या. नेमिचंद्र सिद्धांतचक्रवर्तींचे गोम्मटसार दहाव्या शतकातले. त्याच्या जीवकांडात लेश्येचे दोन भाग स्वच्छ वेगळे केले आहेत. द्रव्यलेश्या म्हणजे शरीराचा रंग, तो नामकर्माच्या उदयाने मिळतो. भावलेश्या म्हणजे कषायांनी रंगलेली मन-वचन-कायेची प्रवृत्ती. पहिलीवरून दुसरी ओळखता येत नाही. मनुष्याची भावलेश्या तर अंतर्मुहूर्तात बदलते. मुहूर्त म्हणजे अठ्ठेचाळीस मिनिटे, अंतर्मुहूर्त त्याहूनही कमी. सकाळी डबे भरून होईस्तोवर आपले परिणाम किती वेळा वर-खाली होतात, हे बायकांना वेगळे सांगायला नको. आणि चौथ्या गुणस्थानापर्यंत, म्हणजे सम्यग्दृष्टी जीवालाही, कृष्ण लेश्या असू शकते असे शास्त्रच सांगते. मग एका फोटोवरून कोण कुणाला काय ठरवणार? त्या कॅमेऱ्यापुढे हात एका पट्टीवर ठेवतात, कातडीतून वीज किती वाहते ते यंत्र मोजते आणि त्या आकड्याला ठरवून दिलेला रंग फोटोवर चढवते. घामट हाताचा रंग निराळा येईल. त्यात कषाय कुठे आले?

जांभळाच्या झाडाची गोष्ट आपण पाठशाळेपासून ऐकतो. सहा भुकेले. एक म्हणतो मुळासकट उपटू, दुसरा म्हणतो बुंधा तोडू, मग फांद्या, डहाळ्या, नुसती फळे, आणि सहावा खाली पडलेली वेचून खातो. भूक सगळ्यांची एकच. बाकीच्या झाडाचे काय करायचे, एवढाच फरक. मला ही गोष्ट जगातल्या कुठल्याही रंगतक्त्यापेक्षा थोर वाटते, कारण तिच्यात रंग नाहीतच, कृती आहे. पण चित्रकाराला माणसे वेगळी दाखवायची असतात, म्हणून तो पहिल्याला काळाकुट्ट रंगवतो आणि सहाव्याला गोरापान. पिढ्यान्‌पिढ्या पोरं गोष्ट विसरतात, चित्र लक्षात ठेवतात. त्याचा ताप कुणाला होतो ते स्थळं बघताना कळते. "मुलगी सावळी आहे, पण शुक्ल लेश्येची हो," असे कौतुकाने सांगणारी आत्या प्रत्येक घरात असते. तो 'पण' मला फार खुपतो.

आचार्यांनी क्रूर परिणामांना भुंग्याचा काळा रंग दिला, शंखाचा पांढरा का नाही, हे कोडे माझ्यापुरते सुटलेले नाही. उपमा म्हटले तरी ती लागायची तिथे लागतेच. पण त्याच परंपरेने त्याला उतारही ठेवला आहे. भगवान नेमिनाथ आणि मुनिसुव्रतनाथ श्यामवर्णाचे. बेळगावच्या किल्ल्यातली 1204 सालची कमल बस्ती बघायला लोक येतात, छतावरच्या दगडी कमळाखाली माना वर करून उभे राहतात; तिथले मूलनायक नेमिनाथ काळ्या पाषाणाचे आहेत. देह श्याम, लेश्या शुक्ल. तिथे कुणी 'पण' म्हणत नाही. निर्वाणाच्या 2500व्या वर्षी ठरलेल्या आपल्या पंचरंगी ध्वजातही साधू परमेष्ठींचा पट्टा काळा किंवा गडद निळाच आहे.

पुस्तिकेत आणखी एक गोष्ट गाळली आहे, आणि तीच मला मोठी वाटते. शुक्ल लेश्या हा आपल्याकडे शेवट नाही. ती तेराव्या गुणस्थानापर्यंत. चौदाव्यात, अ इ उ ऋ लृ हे पाच ऱ्हस्व स्वर उच्चारायला लागेल एवढ्या वेळात, योग थांबतो आणि जीव अलेश्य होतो. सिद्धांनाही लेश्या नाही. लेडबीटरांचा अर्हत सगळ्यात जास्त रंगांचा, आपले सिद्ध बिनरंगाचे. ही दोन तत्त्वज्ञाने एका तक्त्यात बसवायची कशी, ते पुस्तिका छापणाऱ्यांनी सांगावे. निदान पुढच्या आवृत्तीत 'ऑरा' काढून तिथे द्रव्यलेश्या आणि भावलेश्या यांतला फरक चार ओळींत घालावा. जागा तेवढीच लागेल.