दुय्यम नट आणि दृश्यसंहिता : अण्णा साळुंके यांच्या भूमिकांचा विचार

चित्रपटेतिहासात अण्णा साळुंके यांचा उल्लेख बहुधा आख्यायिकेपुरता येतो. 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) साठी दादासाहेब फाळके यांना स्त्रीनट मिळेना, तेव्हा उपाहारगृहातील या आचाऱ्याला तारामती करण्यात आले. या मांडणीत नट हा दिग्दर्शकाच्या अडचणीवरचा तोडगा ठरतो; भूमिका नायिकेची असूनही इतिहासातील स्थान दुय्यमच राहते.

हे स्पष्टीकरण कालक्रमाच्या कसोटीवर अपुरे पडते. १९१३ मध्येच 'मोहिनी भस्मासुर'मधून दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई पडद्यावर आल्या होत्या. तरीही १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये सीता साळुंके यांनीच साकारली, आणि रामही. सीतेमागे स्त्रीनटांची उणीव असेलही. राम मात्र तिने उलगडत नाही.

येथे रंगभूमीशी तुलना उद्बोधक ठरते. गंधर्व नाटक मंडळीही १९१३ चीच. बालगंधर्वांच्या स्त्रीभूमिकेचा प्राण गायनात होता. मूकपटात हा आधारच नाही; स्त्रीत्व वेष, मुद्रा आणि हालचाल यांतूनच उभे करावे लागते. शिवाय रंगमंचावर एका नटाला एकाच वेळी पती आणि पत्नी होता येत नाही. कॅमेरा मात्र दृश्ये सुटी करतो आणि प्रेक्षक ती मनात जोडतो. म्हणजे पात्र एका देहाचे बंदिस्त राहत नाही, ते दृश्यांच्या संगतीतून घडते. ज्या प्रश्नाकडे सिद्धान्त पुढे वळला, तो नाशिकमधील या निर्मितीत व्यवहारातच उपस्थित झाला होता.

जपानी चित्रपटातही १९२० च्या दशकाच्या आरंभापर्यंत काबुकीच्या परंपरेतील पुरुष नट स्त्रीभूमिका करीत. त्यांपैकी तेइनोसुके किनुगासा पुढे दिग्दर्शक झाले. साळुंके छायाचित्रणाकडे वळले. दोघांचाही प्रवास पाहिले जाण्यापासून पाहण्याकडे झाला. मात्र किनुगासांच्या वाट्याला दिग्दर्शक म्हणून स्वतंत्र चिकित्सा आली. साळुंके आख्यायिकेतच उरले.

या तफावतीचे मूळ समीक्षेच्या सवयीत आहे. निर्मात्याला कर्ता आणि नटाला साधन मानणारी दृष्टी आरंभीच्या चित्रपटाचे अर्धेच वाचन करते. 'लंकादहन'चा काही अंशच आज उपलब्ध असल्याने तर त्यातील देहाचे वाचन अधिक निकडीचे ठरते. 'नायिका कोण होती?' हा प्रश्न सुटलेला आहे. 'नायिका कशी घडवली गेली?' हा अद्याप समीक्षेपुढे आहे.