जगात देश किती? : एका प्रश्नाची चिकित्सा

आज मी एका पुस्तकाचं नाही, तर पुस्तकांच्या एका जातीचं परीक्षण करणार आहे. सामान्य ज्ञानाची प्रश्नोत्तरांची पुस्तकं. एसटी स्टँडवर मिळतात, फूटपाथवर मिळतात, बहुतेकांच्या घरात एखादं तरी सापडतं. तत्त्वज्ञानाच्या माणसानं त्यात काय पाहायचं, असं तुम्हाला वाटेल. मलाही परवापर्यंत तसंच वाटत होतं.

झालं असं, की माझी नात स्पर्धा परीक्षेची तयारी करते. एका संध्याकाळी ती दोन पुस्तकं घेऊन आली. प्रश्न एकच, 'जगात एकूण देश किती?' एका पुस्तकात उत्तर १९३, दुसऱ्यात १९५. "आजोबा, यातलं खरं कोणतं?" मी म्हटलं, दोन्ही. ती वैतागली. म्हणाली, "अहो, पेपरात दोन गोल काळे करता येत नाहीत!" तिला तेव्हा मला नीट सांगता आलं नाही, ते आज सांगायचा प्रयत्न करतो.

१९३ हा संयुक्त राष्ट्रांच्या सदस्यांचा आकडा आहे. त्यातला शेवटचा सदस्य दक्षिण सुदान, २०११ साली आला. त्यात निरीक्षक म्हणून बसणारे दोघे मिळवले, म्हणजे व्हॅटिकन आणि पॅलेस्टाईन, की होतात १९५. ऑलिंपिककडे गेलात तर तिथे राष्ट्रीय समित्या २०६. फुटबॉलच्या फिफाकडे गेलात तर सदस्य २११, कारण स्कॉटलंड आणि वेल्स तिथे स्वतंत्रपणे खेळतात. आता बघा, चार आकडे झाले आणि चारही आपापल्या जागी बरोबर आहेत. मग चुकलंय काय? चुकलाय प्रश्न.

आठ हजार मीटरहून उंच शिखरं किती, असं विचारलं तर चौदा हे उत्तर ठरलेलं आहे. कुणी मानो वा न मानो, एव्हरेस्ट जागच्या जागी आहे. देशाचं तसं नसतं. देश थोडासा नोटेसारखा असतो. नोट हा कागद आहे, हे डोळ्यांना दिसतं. ती शंभर रुपये आहे, हे आपण सगळ्यांनी मिळून मानलेलं असतं. जॉन सर्ल या तत्त्वज्ञानं हा भेद फार चांगला मांडला आहे. काही तथ्यं आपल्याशिवायही असतात, काही आपल्या मान्यतेवर उभी असतात. आपली पुस्तकं दोन्ही एकाच रांगेत बसवतात. त्यांच्यावरचा माझा पहिला आक्षेप हा.

कुणी म्हणेल, देशाची व्याख्या करा म्हणजे भांडण मिटेल. व्याख्या झालेली आहे. १९३३ साली उरुग्वेत मोन्टेव्हिडिओला अमेरिका खंडातल्या राष्ट्रांचा करार झाला. त्यात राज्याला चार गोष्टी लागतात असं ठरलं: कायमची लोकवस्ती, ठरावीक भूभाग, सरकार आणि इतर राज्यांशी संबंध ठेवण्याची क्षमता. आता तैवान घ्या. सुमारे २ कोटी ३० लाख लोक, स्वतःचं चलन, स्वतःचा पासपोर्ट, १९९६पासून थेट मतदानानं निवडलेला राष्ट्राध्यक्ष. तरी १९७१ साली संयुक्त राष्ट्रांतली चीनची जागा बीजिंगकडे गेली आणि तैवान बाहेर राहिला. त्याचे खेळाडू ऑलिंपिकमध्ये 'चायनीज तैपेई' या नावानं उतरतात. म्हणजे व्याख्येत बसूनही यादीत नाही.

लांब कशाला जायचं? दादरा आणि नगर हवेली घ्या. १९५४च्या जुलै-ऑगस्टमध्ये स्वयंसेवकांनी तिथली पोर्तुगीज सत्ता घालवली. त्यांत आपले सुधीर फडकेही होते. हा भाग लगेच भारतात आला असं आपण समजतो. तसं झालं नाही. १९६१पर्यंत, जवळजवळ सात वर्षं, तिथे लोकांची वरिष्ठ पंचायत कारभार पाहत होती. पोर्तुगाल हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेला, त्याचा निकाल १९६० साली लागला. पुढे विलीनीकरणाच्या करारावर सही करायला कुणीतरी हवं, म्हणून बदलानी या भारतीय प्रशासकीय सेवेतल्या अधिकाऱ्यांना एका दिवसापुरतं तिथलं पंतप्रधान करण्यात आलं. भारतात यायचं, तर आधी एक दिवस देशासारखं वागावं लागलं! ती सात वर्षं तो देश होता का? तुमच्या पुस्तकात चार पर्याय दिलेत, त्यात हे उत्तर कुठे बसवणार?

तुम्ही म्हणाल, सर, हा शब्दांचा खेळ झाला. नाही हो. भारत-बांगलादेश सीमेवरची छिटमहलं आठवा. बांगलादेशाच्या पोटात भारताचे १११ तुकडे, भारताच्या पोटात बांगलादेशाचे ५१. नकाशावर देश ठरलेला, पण सरकार तिथवर पोचायचंच नाही. रेशनकार्ड नाही, मतदान नाही, मुलाला शाळेत घालायचं तर खोटा पत्ता. ३१ जुलै २०१५च्या मध्यरात्री तुकड्यांची अदलाबदल झाली आणि तिथल्या हजारो माणसांना राहत्या जागी देश मिळाला. त्यांना आपलं 'सामान्य ज्ञान' विचारून बघा. 'तुमचा देश कोणता?' हा त्यांच्यासाठी एका गुणाचा प्रश्न नव्हता.

आता दुसरी बाजूही सांगतो, नाहीतर अन्याय होईल. राजधान्या पाठ करण्याचं सुख मीही घेतलंय. मंगोलियाची राजधानी उलान बातर हे म्हणताना लहानपणी तोंडात गूळ विरघळल्यासारखं वाटायचं. कुतूहलाचं दार असं पाठांतरानंच उघडतं. माझी तक्रार दारापाशीच थांबण्याबद्दल आहे. न्यायदर्शनाची शिकवण घेतलेल्यांना आठवेल, अन्नंभट्टांच्या तर्कसंग्रहात ज्ञानाचे स्मृती आणि अनुभव असे दोन भाग केले आहेत, आणि प्रमा, म्हणजे खरं ज्ञान, हे यथार्थ अनुभवाच्या बाजूला येतं. आपल्या परीक्षा मात्र नुसत्या स्मृतीलाच ज्ञान म्हणून गुण देतात.

परीक्षेला एकच उत्तर लागतं, हे मला मान्य आहे. मग उपाय साधा आहे. 'जगात देश किती' असं विचारू नका; 'संयुक्त राष्ट्रांचे सदस्य किती' असं विचारा. दोनतीन शब्द बदलतील, पण मोजणारा कोण हे प्रश्नातच कळेल. 'बोलिव्हियाची राजधानी कोणती' ऐवजी 'बोलिव्हियाचं सरकार कुठून चालतं' असं विचारा, म्हणजे ला पाझ हे उत्तर बरोबर ठरेल आणि घटनेनं राजधानी मानलेल्या सुक्रेवर अन्याय होणार नाही.

नातीला मी शेवटी सांगितलं, पेपरात १९३वर खूण कर आणि घरी आल्यावर मला विचार, की उरलेले कोण आणि ते बाहेर का. ती हल्ली विचारते. परवा कोसोव्होवर आमचं जेवण गार झालं.

इथे थांबतो. तुमचे प्रश्न असतील तर जरूर विचारा, त्यांना चार पर्याय द्यायची गरज नाही.